डावीकडून येणारं उत्तर

गुरुवारी सकाळी सात वाजून दहा मिनिटांनी एमिल कोस्टेल्निकनं फक्कीचं पोतं गाडीत रिकामं केलं, झाकण लावलं आणि एक डोळा मिटून दोरीकडे पाहिलं. दोरी मैदानाच्या लांबीभर ताणलेली होती. पलीकडच्या टोकाला त्याची बायको इर्मा खुंटीवर पाय रोवून उभी होती. १९८१ चा ऑक्टोबर अर्धा सरला होता आणि गवतावरचं दव गोठलेलं होतं. नदीपलीकडच्या पोलाद कारखान्याच्या चार धुराड्यांपैकी एकातूनच काय तो धूर येत होता.

"ताण!" एमिल ओरडला.

"ताणलीय की! आणखी ताणली तर नदीत जाऊन पडेन."

"पड खुशाल. दोरी तेवढी सोडू नकोस."

ती हसली. तो असं काही बोलला की दिवस बरा जाणार असं तिला वाटायचं. एमिल गाडी ढकलू लागला. आडव्या हाडाचा माणूस, वय सत्तावन्न, दोन्ही गुडघे वाकडे, मान खांद्यांत रुतलेली. गाडी मात्र सरळ चालली होती.

मार्लो फेरी गावच्या शाळेचा अमेरिकन फुटबॉलचा, हातात चेंडू घेऊन धावायच्या खेळाचा, सामना शुक्रवारी संध्याकाळी असतो. त्यासाठी गुरुवारी सकाळी फक्की मारायची आणि शुक्रवारी सकाळी तिच्यावर दुसरा हात फिरवायचा, हे काम एमिलचं. गुडघ्यांनी कारखान्यातली नोकरी सोडायला लावली, तेव्हापासून अकरा वर्षं तो ते करत होता. शेडची किल्ली त्याच्या कमरेच्या पट्ट्याला असे. शेडमध्ये फक्कीची गाडी, खुंट्या, मोजपट्टी आणि गवत कापायचं मोठं यंत्र. त्या यंत्रावर बसून तो उन्हाळाभर मैदानाला फेऱ्या घाली.

इर्मा दोरी धरायला यायला लागली ती याच वर्षी. मार्चमध्ये एकदा एमिल संध्याकाळी घरी आला नाही. शोधाशोध केल्यावर सापडला तो बापाच्या घराच्या जागी. ते घर पाडून तिथं मोटारी उभ्या करायची जागा केल्याला पंधरा वर्षं होऊन गेली होती. एमिल दोन मोटारींच्या मध्ये उभा राहून दार शोधत होता. तेव्हापासून ती रोज सकाळी त्याला मैदानावर पोचवायची आणि दुपारी न्यायला यायची. फक्कीच्या दिवशी तासभर दोरी धरायची, मग सव्वाआठला चर्चच्या तळघरात. तिथं गावातल्या स्लोव्हाक बायका शुक्रवारच्या विक्रीसाठी बटाटा-चीजचं सारण भरून करंजीसारख्या पिरोही करायच्या.

घरात तो बरंच काही विसरत होता. नातीचं नाव, न्हाणीघराचं दार, जेवण झालं की व्हायचंय. मैदान विसरत नव्हता. ओहायोतली मुलगी फोनवर म्हणायची, "आई, बाबांची नोकरी सुटू दे आता. काहीतरी होऊन बसेल." तेव्हा इर्माचं उत्तर ठरलेलं असे. "मैदानावर तो ठीक असतो गं. एकदा येऊन रेघा बघ त्याच्या."

तिची सगळी भिस्त त्या रेघांवर होती.

एमिल याच मैदानावर घडला. बाप भट्टीवर, थोरला भाऊ भट्टीवर. एमिलचं अंग बघून शाळेच्या प्रशिक्षकानं त्याला सेंटर केला. सेंटरचं काम सांगायला सोपं आहे. ओळीच्या मधोमध चेंडूवर ओणवं व्हायचं आणि इशारा आला की चेंडू दोन पायांमधून मागे द्यायचा. मान वर होईपर्यंत समोरचा गडी डोक्यावर येऊन आदळलेला असतो. पुढे चेंडू कुठे गेला ते सगळं गाव बघतं. सेंटर बघत नाही, तो खाली असतो. त्याच्या डाव्या खांद्याशी उभा राही गस पेट्रेला, खालच्या आळीतल्या इटालियन चांभाराचा मुलगा. त्या जागेला गार्ड म्हणतात. दोघं शाळेत एकत्र, नौदलात एकत्र आणि युद्धानंतर तळ्याकाठच्या एका शहरातल्या धंदेवाईक संघातही एकत्र. तो संघ पुढं बुडाला. आता त्याचं नाव काढलं तर तरुण पोरं "कोण?" म्हणतात.

एमिल तिथं आठ हंगाम खेळला. आठ वर्षांत चेंडू घेऊन तो एकदाही धावला नाही, कारण सेंटरनं धावायचं नसतंच. हंगाम संपला की जानेवारीत घरी येऊन कारखान्यात पाळी धरायची, कारण खेळाच्या पगारात वर्ष निघत नसे. वर्तमानपत्रात त्याचा फोटो एकदाच मोठा छापून आला. चेंडू देतानाचा, पाठीमागून काढलेला. स्लोव्हाक क्लबच्या भिंतीवर तो अजून आहे. "आमच्या गावचं सगळ्यात प्रसिद्ध ढुंगण," अशी गस पाहुण्यांना ओळख करून देई. त्यावर एमिल म्हणे, "तोंड छापलं असतं तर पेपर खपला नसता."

क्लबात दुसरी सांगायची गोष्ट पॅरिसची.

त्या काळी डोक्याला मार बसून गडी झोकांड्या खायला लागला की संघातला पट्ट्या बांधणारा माणूस धावत येई, नाकाखाली अमोनियाची बाटली धरी आणि तीन प्रश्न विचारी. गाव कुठलं, सामना कुणाशी, गुण किती. तिन्ही उत्तरं बरोबर आली की गडी परत ओळीत. बाहेर बसणं कुणाला परवडत नसे. बाकावर त्याच जागेवर डोळा ठेवून कुणीतरी तरणाबांड बसलेला असे. म्हणून ओळीतल्या गड्यांनी आपली एक रीत पाडली होती: ज्याला लागलं त्याला शेजाऱ्यानं उत्तर पुरवायचं. एमिलला लागलं की गस त्याच्या डाव्या अंगाला वाकून बुटाची नाडी बांधायचं सोंग करी आणि हळूच सांगे. एमिल मान डावीकडे कलती करी, ऐके आणि तेच मोठ्यानं म्हणे. असं किती वेळा झालं ते दोघांनाही सांगता आलं नसतं.

१९५३ च्या डिसेंबरात, भर बर्फात, एमिल असाच उठून बसला. गाव कुठलं? गसला चेष्टा सुचली. तो पुटपुटला, "पॅरिस." एमिलनं खणखणीत आवाजात सांगितलं, "पॅरिस!" ओळच्या ओळ हसली. पट्ट्या बांधणाराही हसला, "हा चांगला शुद्धीत आहे, थट्टा करतोय," म्हणाला आणि एमिलला आत पाठवलं. गसनं ही गोष्ट क्लबात पंचवीस वर्षं सांगितली. दर वेळी लोकांनी टेबलं बडवली. इर्माही दर वेळी हसली.

पुढच्या हंगामात एमिल इशारा व्हायच्या आधीच चेंडू देऊ लागला. कधी इशारा होऊन गेला तरी देईना. त्याला संघातून काढलं तेव्हा सगळे म्हणाले, वय झालं. तो तीस वर्षांचा होता.

या जूनमध्ये इर्मा त्याला पिट्सबर्गला मेंदूच्या डॉक्टरांकडे घेऊन गेली. डॉक्टरांनी विचारलं, "मिस्टर कोस्टेल्निक, आपण आत्ता कुठल्या गावात आहोत?" एमिलनं मान डावीकडे कलती केली. डावीकडे औषधांचं कपाट होतं. तो तसाच थोडा वेळ थांबला. मग म्हणाला, "पॅरिस," आणि डॉक्टर कधी हसतात याची वाट बघत राहिला.

"गंमत करतोय तो," इर्मा घाईनं म्हणाली. "आमची जुनी गंमत आहे ती."

डॉक्टर हसले नाहीत. परतीच्या बसमध्ये इर्माच्या पहिल्यांदा मनात आलं, की १९५३ मध्ये थट्टा गस करत होता. एमिल करत नव्हता. आपण कुठल्या गावात आहोत हे त्याला खरंच ठाऊक नव्हतं, आणि त्याला आत पाठवलं होतं. हे ती कुणाजवळ बोलली नाही. मैदानावर तो ठीक असतो, एवढंच मुलीला पुन्हा सांगितलं.

या गुरुवारीही ती सव्वाआठला निघाली. चर्चच्या पायऱ्यांशी पोचल्यावर लक्षात आलं, की एमिलच्या कॉफीचा थर्मास आपल्याच पिशवीत राहिला. ती मागे फिरली. एमिल शेडच्या पायरीवर मैदानाकडे पाठ करून ब्रेड आणि सॉसेज खात बसला होता. मैदानावर गस होता. गस आता शाळेच्या खेळ विभागाचा मुख्य. टाय लावलेला, आणि हातात खराटा. तो एमिलनं नुकतीच मारलेली फक्की झाडत होता.

इर्मा थर्मास घेऊन सरळ मैदानात गेली.

"हे काय चाललंय?"

गस दचकला. "तू गेली नाहीस होय?"

"खराटा कशाला, गस?"

"ओल होती जरा. फक्की पसरली."

"ओल कुठली? सगळं गोठून दगड झालंय."

गसनं खराटा जमिनीला टेकला. मैदानाच्या आत लांबीभर छोट्या तुटक रेघांच्या दोन ओळी असतात. चेंडू कडेला गेला की पुढचा डाव त्या ओळीवरून सुरू करतात. शाळेच्या मैदानाचे या ओळींनी तीन सारखे भाग पडायला हवेत. इर्माला दोरी धरता येई, मापं ठाऊक नव्हती. पण आता इथं उभं राहिल्यावर तिलाही दिसलं, की मधला भाग अरुंद झालाय.

"जुन्या जागी मारल्यात त्यानं," गस म्हणाला. "कडेपासून वीस यार्डांवर. आम्ही खेळायचो तेव्हा धंदेवाल्यांच्या मैदानावर तिथंच असायच्या."

"आणि तू त्या झाडतोस आणि पुन्हा मारतोस."

गसनं खराट्याला चिकटलेली फक्की झटकली.

"कधीपासून?"

"गेल्या हंगामात एकदोनदाच झालं."

"आणि या हंगामात? दर आठवड्याला?"

"दर आठवड्याला नाही," गस म्हणाला. "एकदा बरोबर मारल्या होत्या."

इर्मानं थर्मास एका हातातून दुसऱ्या हातात घेतला. "मी पोरीला सांगते, डॉक्टरांना सांगते, की मैदानावर तो ठीक असतो. ह्या रेघा बघून सांगते मी, गस. आणि ह्या तुझ्या."

"मग काय करू? ऑफिसात जाऊन चुगली करू? हे काम गेलं तर त्याला राहतं काय? दिवसभर खुर्चीत बसून भिंत बघेल. दोन ओळी मारायला माझे काही हात झिजत नाहीत."

"तो त्या यंत्रावर बसतो. खाली पाती फिरतात. दुपारी इथं बँडच्या पोरी कवायत करतात."

"गवत कापायला त्याला येतं."

"हे तू पाहिलंयस, की नुसतं म्हणतोयस?"

गसनं पुन्हा खराटा उचलला, पण झाडलं नाही.

"डॉक्टरांनी त्याला विचारलं, गाव कुठलं," इर्मा म्हणाली. "पॅरिस म्हणाला."

"काय?"

"आधी डावीकडे मान कलती केली. तुझ्या बाजूला. तिथं कपाट होतं. मग म्हणाला, पॅरिस. आणि मी काय केलं माहितेय? डॉक्टरांना सांगितलं, गंमत करतोय. म्हणजे मीही तेच केलं जे तुम्ही सगळे करत आलात."

 तेवढ्यात शाळेकडून प्रशिक्षक रेडिक गवत तुडवत येताना दिसला. बत्तीस वर्षांचा, दोन वर्षांपूर्वी बाहेरगावहून आलेला. अर्धी झाडलेली ओळ त्यानं लांबूनच पाहिली असावी. त्याला येताना बघून एमिलही पायरीवरून उठला आणि पँटला हात पुसत मैदानात आला.

"काय झालं? रेघ वाकडी आलीय का?" एमिलनं विचारलं.

"वाकडी नाही," रेडिक म्हणाला. त्याचा स्वर सौम्य होता. ते नंतरही इर्माच्या लक्षात राहिलं. "सरळ आहे अगदी. मिस्टर कोस्टेल्निक, ही ओळ कडेपासून किती आत हवी?"

एमिलनं मान डावीकडे कलती केली.

गस डावीकडेच उभा होता. दोघं शेजारी आले की गस आपसूक त्या बाजूला जाई. उत्तर त्याच्या ओठांपर्यंत आलेलं इर्माला दिसलं. ती नुसती त्याच्याकडे बघत राहिली. गस खाली वाकला, बुटाच्या नाडीला हात लावला आणि तसाच वाकून राहिला. एक शब्दही बोलला नाही.

एमिल थांबला. "गस?" तो हळूच म्हणाला.

शाळेची पहिली घंटा झाली.

"सांग की लेका."

गसनं मान वर केली नाही.

मग एमिलनं आपली मान सरळ केली, रेडिककडे पाहिलं आणि ठाम सांगितलं, "वीस यार्ड."

"तुमच्या वेळी वीसच होती," रेडिक म्हणाला आणि त्यानं इर्माकडे पाहिलं.

इर्मानं एका दमात सांगून टाकलं. ओळी चुकल्यात, गेल्या वर्षापासून चुकतायत, गस झाकत आलाय. जूनमध्ये डॉक्टरांना दाखवलं, डॉक्टर म्हणाले हे वाढत जाईल. त्याला यंत्रावर बसू देऊ नका, आजपासूनच नको. हे ती बोलत असताना एमिल शेजारीच उभा होता. दुसऱ्या कुणाबद्दल वाईट बातमी ऐकावी तशा सभ्यपणे तो ऐकत होता.

"बिचारा," तो म्हणाला. "कोण गं? आपल्या ओळीतला का?"

"हो," इर्मा म्हणाली. "आपल्या ओळीतलाच."

रेडिकनं किल्ली मागितली नाही. इर्मानंच ती काढायला घेतली. पट्ट्यावरची कडी घट्ट होती. किल्ली हरवू नये म्हणून उन्हाळ्यात तिनंच ती पकडीनं आवळली होती. बराच वेळ कडी सुटेना. तिला नीट दिसावं म्हणून एमिलनं आपला कोट वर धरला. अखेर किल्ली सुटली आणि तिनं ती रेडिकच्या हातावर ठेवली. रेडिक म्हणाला, की वरच्या ऑफिसला कळवावं लागेल आणि नोकरीचं काही आपल्या हातात नाही. पण मैदानाची मापं घ्यायला, दोरी धरायला माणूस लागतोच, आणि दोरी कुणी धरायची हे ऑफिस ठरवत नाही.

"कॉफी आणलीस का?" एमिलनं विचारलं. इर्मानं थर्मास त्याच्याकडे दिला.

उरलेली ओळ तिघांनी मिळून झाडली. रेडिकनं मोजपट्टी धरली, गसनं खुंट्या नव्या जागी ठोकल्या. गस ठोकता ठोकता इर्माच्या जवळ आला तेव्हा खालच्या आवाजात म्हणाला, "ती पॅरिसची गोष्ट मी परत कधी सांगणार नाही."

"सांगत जा," इर्मा म्हणाली. "त्याला आवडते ती. मी हसणार नाही, एवढंच."

दोरीचं एक टोक एमिलच्या हातात दिलं. त्यानं ते खुंटीला गुंडाळलं नाही. पाय फाकून वाकला, दोन्ही हातांनी ते जमिनीशी दाबून धरलं आणि डोकं खाली घातलं, चेंडूवर वाकावं तसं. गुडघे दुखत असणार, पण रेघ पुरी होईपर्यंत तो तसाच राहिला.

"ताण!" मध्येच तो ओरडला. पलीकडच्या टोकाला गस होता. त्यानं ताणली.

इर्मा चर्चच्या तळघरात पोचली तेव्हा निम्म्याहून जास्त पिरोही भरून झाल्या होत्या. तिनं हात धुतले आणि टेबलाच्या कडेला आपली जागा घेतली. समोरच्या बाईनं कणकेची चकती पुढे सारत विचारलं, "एमिल कसा आहे?" दर आठवड्याला विचारायची, आणि दर वेळी इर्मा म्हणायची, ठीक आहे.

"बरा नाही," इर्मा म्हणाली.

 समोरच्या बाईनं सारणाचं पातेलं तिच्या बाजूला सरकवलं आणि त्या दोघी दुपारपर्यंत कडा दाबत राहिल्या. घरी गेल्यावर इर्मानं ओहायोला फोन लावला. मुलगी म्हणाली, "रविवारी येते."

उद्या शुक्रवार आहे. सामना संध्याकाळी साडेसातला. सकाळी सात वाजता फक्कीचा दुसरा हात द्यायचा आहे. गाडी रेडिक ढकलेल, मोजपट्टी गस पेट्रेलाकडे असेल आणि दोरीचं नदीकडचं टोक एमिल कोस्टेल्निक धरेल.